पुराचा बर्फ कसा झाला

एकहार्ट रूल्फ्सने सव्वीस वर्षांत एकसष्ट माणसं मारली, आणि त्यातली बरीचशी बायकोला विचारून मारली. गेझीने हे बायकोचं नाव; ती कोलोनमधल्या एका औषधाच्या दुकानात फार्मासिस्ट होती. संध्याकाळी पाव, चीज आणि काकडीचं लोणचं मांडून दोघं टेबलाशी बसली की एकहार्ट विचारायचा, ऐंशी किलोचा माणूस सहा मिनिटांत मरेल असं काही तुमच्या दुकानात मिळतं का. सहाच का, असं तिने पहिल्या वर्षी विचारलं होतं. सातव्या मिनिटाला इन्स्पेक्टर येतो, तो म्हणाला, आणि तो आला की त्याला प्रेत तयार लागतं.

मालिका कालव्यावरच्या पोलिसांची होती. दर गुरुवारी, लोक जेवणाची तयारी करत असतात त्या वेळेला लागायची, म्हणजे अर्धी जनता ती कांदा चिरता चिरता ऐकायची. एकहार्ट तिचा पटकथाकार. पटकथाकार म्हणजे काय हे शेजारच्या बाईंना सव्वीस वर्षांत कळलं नाही. संवाद नटच बोलतात, तेव्हा ते त्यांनाच सुचत असणार, अशी त्यांची पक्की समजूत होती. शेवटी नावं धावत जायची तेव्हा अर्ध्या पडद्यावर पुढच्या कार्यक्रमाची जाहिरात असायची. तरी एकहार्टची आई, टाल्के, दर गुरुवारी चष्मा पुसून टीव्हीला नाक लावून बसायची आणि मग फोन करायची, "आलं तुझं नाव. आज दोन सेकंद होतं."

टाल्के उत्तर समुद्राच्या काठची, हाल्मरकोगची. तिकडे जमीन समुद्राहून खाली आणि माणसं शब्दाला महाग. बासष्टच्या फेब्रुवारीत बांध फुटला तेव्हा ती चोवीस वर्षांची होती. नवरा बांधावर वाळूची पोती टाकायला गेलेला. घरात ती आणि तिची सासू, आणि त्या दोघी वर्षभर एकमेकींशी एक शब्दही बोललेल्या नव्हत्या. पाणी खिडकीपर्यंत आलं तेव्हा तिने सासूला पाठीवर घेतलं आणि शिडीने माळ्यावर चढवलं. अठरा तासांनी होडी आली. एकहार्टचा जन्म त्यानंतर दोन वर्षांनी झाला, पण ही हकिकत त्याने वडिलांकडून इतक्या वेळा ऐकली होती, की जणू शिडी त्यानेच धरली होती.

हीच त्याची खरी पटकथा. मालिकेतले खून हे पोटासाठी, आणि ही मात्र मनासाठी, असं तो पाहुण्यांना सांगायचा. माळ्यावरच्या अठरा तासांत सासू आणि सून बोलायला लागतात आणि उजाडेपर्यंत मायलेकी होतात, अशी ती कथा होती. पाहुणे गेल्यावर गेझीने कप विसळत म्हणायची, मनासाठीचं आणखी किती वर्षं खणात ठेवणार आहेस. टाल्केही विचारायची. कंबरेचं हाड मोडल्यावर तिला कोलोनच्या वृद्धाश्रमात आणलं, पहिल्या मजल्यावर, बागेकडची खोली मिळाली. दर रविवारी तिच्यासाठी खडीसाखरेचा चहा करायला गेझीने जायची, आणि एकहार्ट बरोबर असला की म्हातारी पहिला प्रश्न टाकायची, "माझ्या पाण्याचं काय झालं?"

मालिका बंद झाली त्या वर्षी पाण्याचं काहीतरी झालं. नवा चित्रपट हवा म्हणून निर्माता ब्रूस मागे लागला, आणि एकहार्टने खण उघडला. वाहिनीच्या संपादक लोहाउसबाई, डॉक्टरेट मिळवलेल्या, पटकथा वाचून रडल्या. तसा त्यांनी फोनच केला. रडून झाल्यावर त्यांनी अकरा मुद्दे पाठवले.

पहिला मुद्दा पाण्याचा होता. उत्तरेकडच्या राज्याचं चित्रपटांचं अनुदान त्या वर्षी वाटून संपलं होतं. दक्षिणेकडच्या राज्याचं शिल्लक होतं, पण तिथला पैसा तिथेच खर्च करायचा असा नियम, आणि तिथे समुद्र नाही. डोंगर आहेत. लोहाउसबाईंनी फोनवर अगदी मऊ आवाजात सांगितलं की मुळात बर्फ म्हणजे पाणीच. तिसऱ्या आवृत्तीत बांधाऐवजी हिमकडा कोसळला. चौथ्या आवृत्तीत शेतघराचं डोंगरावरचं लाकडी खोपटं झालं. पाचव्या आवृत्तीत लोहाउसबाईंनी सासूला हात घातला. दोन बायका अठरा तास माळ्यावर नुसत्या बोलत बसतात, हे रात्री सव्वाआठला, सगळा देश टीव्हीसमोर बसलेला असताना, कोण बघेल, असं त्यांचं म्हणणं. सव्वाआठची वेळ म्हणजे काय, हे या देशात कुणाला समजावून सांगावं लागत नाही. एकहार्टने सासूच्या जागी बर्फातून माणसं काढणारा एक रुंद खांद्याचा जवान घातला आणि त्याला एक कुत्रा दिला.

"सासू कुठे गेली?" नववी आवृत्ती वाचून गेझीनेने विचारलं.

"आहे की. भिंतीवरच्या फोटोत."

"म्हणजे मेलेली?"

"काळी फीत आहे," एकहार्ट म्हणाला, आणि त्याच्या आवाजात थोडा अभिमानही होता, कारण ती फीत त्याने भांडून ठेवून घेतली होती.

बाराव्या आवृत्तीत चोवीस वर्षांची सून अविवाहित झाली आणि शहरातून डोंगरात मन शांत करायला आली. तेव्हा कुठे एकहार्टला राग आला. तीन दिवस त्याने दाढी केली नाही. चौथ्या दिवशी त्याने ब्रूसला पत्र लिहिलं की श्रेयनामावलीतून माझं नाव काढा. करारात लेखकाला बिनतक्रार मिळणारा हा एवढा एकच हक्क होता. ब्रूसने तासाभरात होकार कळवला, आणि नावाच्या जागी घालायला लुकास आल्म हे नाव सुचवलं; आल्म म्हणजे डोंगरावरचं कुरण, तेव्हा सिनेमाला शोभेल असं. मानधनाला हात लागणार नव्हता. पटकथाकारांची महिन्यातून एकदा एका बिअरघरात बैठक भरायची. एकहार्टने तिथे उभं राहून सांगितलं की विकत घेता येत नाही अशी माझ्याकडे एकच गोष्ट होती, आणि ती मी परत घेतली. लोकांनी शाबासकी म्हणून टेबलं बडवली. तो घरी आला तो जणू हुतात्मा होऊन, पण जेवायला काय आहे हे विचारण्याइतपत शुद्धीवर.

"आईला सांगितलंस?" गेझीनेने विचारलं.

सांगतो, तो म्हणाला. आधीही तो एवढंच म्हणाला होता की चित्रीकरणाच्या सोयीसाठी थोडे बदल झालेत. आता टाल्केला सिनेमा दाखवणार होते तो नोव्हेंबरमधला बुधवार तोंडपाठ होता आणि जेवणघरातल्या प्रत्येकाला तिने आमंत्रण दिलं होतं. तिला नाव काढल्याचं सांगायचं, तर बर्फाचंही सांगावं लागणार. एकहार्टने चांगल्या संधीची वाट पाहिली आणि बुधवारी त्याला सर्दी झाली.

वृद्धाश्रमात त्या संध्याकाळी पस्तीस माणसं टीव्हीसमोर बसली. सिस्टर ड्रागाना पहिल्या मजल्याची प्रमुख, तिने सगळ्यांना चमचाभर, अंडं घालून केलेली गोड दारूही दिली. चित्रपट सुरू झाला, डोंगर दिसले, आणि नाव आलं, लुकास आल्म. टाल्के चष्मा पुसून वाट बघत राहिली. देशभरात साठ लाख लोकांनी तो चित्रपट पाहिला. दुसऱ्या दिवशी सकाळी नाश्त्याला ती म्हणाली की हा माझ्या एकहार्टने लिहिलाय, आणि ती मुलगी म्हणजे मी. फक्त तिथे बर्फ नव्हता, पाणी होतं. आणि तो रुंद खांद्याचा माणूस म्हणजे माझी सासू.

हे ती व्यायामाच्या बाईंना म्हणाली. केस कापणाऱ्याला म्हणाली. चर्चमधून येणाऱ्या पाद्रीबुवांना दोनदा म्हणाली, कारण पहिल्यांदा ते हसले. इथे वृद्धाश्रमात कुणी शिंकलं तरी त्याची लेखी नोंद होते. आठ दिवसांत वहीत सात नोंदी झाल्या, सिस्टर ड्रागानाच्या गोल अक्षरात. दहाव्या दिवशी, वृद्धाश्रमाचा खर्च देणाऱ्या विम्याकडून टिम्पेबाई नेहमीच्या तपासणीला आल्या. वार कोणता, महिना कोणता, सात वजा करत शंभरपासून खाली या, हे सगळं टाल्केने चोख सांगितलं. मग टिम्पेबाईंनी वही चाळली आणि त्या सिनेमाबद्दल विचारलं. तो देखणा तरुण म्हणजे तुमच्या सासूबाई होत्या का?

"हो," टाल्के म्हणाली. "पण एवढी देखणी नव्हती."

अहवालात आलं की वास्तव आणि दूरदर्शन यांतला फरक कळत नाही, दुसऱ्या मजल्यावर हलवावं. दुसऱ्या मजल्यावर दार चार आकड्यांनी उघडतं, आणि ते आकडे तिथे राहणाऱ्यांना सांगत नाहीत. खिडक्या फक्त हाताएवढ्या उघडतात. हरकत असेल तर महिन्याभरात लेखी कळवा, असं पत्राच्या शेवटी होतं.

पत्र गेझीनेने उघडलं. एकहार्ट आंघोळीहून आला तेव्हा ते त्याच्या ताटलीत ठेवलेलं होतं, पावाच्या जागी.

तो वाचत गेला तसा आधी चिडला. कोण ही टिम्पे, असं म्हणाला. मग म्हणाला की आईनेही जरा गप्प राहायला हवं होतं, सगळ्यांना सांगत सुटायची काय गरज होती.

"ती खरं बोलत होती," गेझीने म्हणाली. "तुमच्या दोघांत तेवढं ती एकटीच करते."

"मी आत्ता जाऊन सांगू की लुकास आल्म मीच? लोहाउसबाई काय म्हणतील? आणि त्या बिअरघरातली माणसं? त्यांच्यासमोर मी—"

"त्यांच्यासमोर तू टेबलं बडवून घेतलीस. आईसाठी कोण बडवणार?"

एकहार्टने कॉफी तशीच ठेवली आणि कराराची फाइल शोधायला गेला. गेझीनेला तिशीपासून हा माणूस माहीत होता. तो वाईट नव्हता. त्याला फक्त कुणीतरी मुद्दे काढून द्यावे लागत.

त्याच शुक्रवारी तीन वाजता, केकच्या वेळेला, दोघं वृद्धाश्रमात गेली. एकहार्टने सिस्टर ड्रागानासमोर करार ठेवला. तिने वाचला, परत वाचला, आणि उठून उभी राहिली.

"म्हणजे लुकास आल्म तुम्ही? अहो, मी रडले. आमची रात्रपाळीची मुलगीसुद्धा रडली."

पाच मिनिटांत सगळं जेवणघर एकहार्टभोवती जमलं. कॉर्नात्स्की आजोबा आयुष्यभर ट्राम चालवलेले, त्यांनी कुत्र्याला बर्फ उकरायला कसं शिकवलं ते विचारलं. एका बाईने विचारलं, शेवटी ती त्या जवानाशी लग्न करते ना, की नुसतंच बघतात एकमेकांकडे. सव्वीस वर्षांत एकहार्टला प्रेक्षक भेटला नव्हता. आता पस्तीस जण, सगळे बसलेले, आणि कुणाच्याही हातात सुरी-कांदा नाही. तो आधी लाजत बोलला, मग हात हलवत बोलला. हिमकडा म्हणजे माणसाच्या मनात साचून राहिलेलं ओझं, असं तो म्हणाला तेव्हा गेझीनेने केकचा काटा खाली ठेवला. ते वाक्य लोहाउसबाईंच्या सातव्या मुद्द्यातलं होतं. मुद्द्यांची ती यादी गेझीनेने स्वतः वाचली होती.

"बर्फ नव्हता," टाल्के खिडकीशेजारून म्हणाली. "पाणी होतं."

सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं, आणि ते पाहणं गेल्या आठवड्यातलंच होतं, जरा मायेचं, जरा कीव करणारं. मग सगळ्यांनी एकहार्टकडे पाहिलं. त्याने पुढे वाकून आईचा हात थोपटला. "आई, तो सिनेमा आहे गं."

टाल्केने हात काढून घेतला आणि कप उचलला. हाल्मरकोगची माणसं एकदाच सांगतात. ही तरी सात वेळा बोलली होती, म्हणजे तिने मोठा खर्च केला होता.

निघताना सिस्टर ड्रागाना दारापर्यंत आली. मुलगा लेखक आहे हे आता कळलं, ती म्हणाली, ती नोंद मी आजच दुरुस्त करते. पण पाण्याचं आणि सासूचं काय करू? तुम्हीच आत्ता म्हणालात की सिनेमा आहे. गेझीने नवऱ्याकडे बघत राहिली. गाडीत बसल्यावर तो म्हणाला, "मला वाटलं, लोकांचा विरस कशाला करा."

"दुसऱ्या मजल्यावर टीव्ही मोठा आहे म्हणे," गेझीने म्हणाली. "तिथे बस आणि कर करमणूक."

हरकतीचा मजकूर लिहायला तो त्याच संध्याकाळी बसला. अर्धं पान पुरलं असतं. खरं काय घडलं, कधी, कुठे, आणि सिनेमात ते कसं बदललं, एवढंच. पहिल्या मसुद्यात अडीच पानं लोहाउसबाईंवर होती. गेझीनेने ती उभी रेघ मारून काढली. दुसरा मसुदा वाऱ्यापासून सुरू झाला, वारा जखमी जनावरासारखा ओरडत होता.

"टिम्पेबाईंना वाऱ्याचं काय करायचंय?"

"वातावरण तयार होतं."

"त्यांच्या फॉर्मात वातावरणाचा रकाना नाही."

तिसऱ्या मसुद्यात मायलेकी झालेल्या सासू-सुनेच्या डोळ्यांत पहाट उजाडत होती. गेझीनेने पहाट काढली आणि बाकीचं राहू दिलं. चौथा मसुदा बरा होता, पान-सव्वापानाचा. पण सही टाल्केची लागणार होती, म्हणून तो तिला वाचायला देणं भाग होतं. एकहार्ट म्हणाला, वाचून दाखवतो. गेझीने म्हणाली, तिला वाचता येतं.

पुढचं आधीच सांगून टाकायचं तर, हरकत मान्य झाली आणि टाल्के पहिल्या मजल्यावर, बागेकडच्या खोलीतच राहिली. पण रविवारी दुपारी ती भिंग घेऊन कागदावर वाकली तेव्हा हे कुणालाच माहीत नव्हतं. एकहार्ट पलंगाच्या कडेला बसला होता, परीक्षेच्या निकालाची वाट बघणाऱ्याच्या चेहऱ्याने. गेझीने चहा गाळत होती.

टाल्केने पहिला परिच्छेद संपवला आणि दुसऱ्यात बोट ठेवलं. तिथे लिहिलं होतं की श्रीमती रूल्फ्स यांनी सासूला आणि दोन शेळ्यांना माळ्यावर सुरक्षित नेलं.

"शेळ्या तीन होत्या," ती म्हणाली.

"बाबा दोन म्हणायचे."

"तुझे बाबा बांधावर होते. ते आले तेव्हा दोन होत्या." तिने भिंग खाली ठेवलं. "दोन पहिल्या फेरीत वर ढकलल्या. मग सासू पाठीवर आणि तिसरीचा दोर हातात. शिडीवर दोन्ही हात लागत होते. मी दोर सोडला."

एकहार्ट पेन काढत म्हणाला की हे तू कधीच बोलली नाहीस. तू विचारलं कधी, टाल्के म्हणाली. बारा वेळा लिहिलंस म्हणतोस, त्या लोहाउसला दर वेळी विचारलंस. मी तर एका फोनच्या अंतरावर होते.

मग तिने पुढचा परिच्छेद वाचला, सावकाश, ओठ हलवत, आणि तिथेही बोट ठेवलं. "हे कोणाचं? आम्ही अठरा तास बोलत बसलो आणि मनं मोकळी केली?"

"नाही केलीत?"

"ती शेळी सासूची लाडकी होती. ती विचारत होती, तिसरी कुठाय. मी म्हणत होते, खाली आहे."

"आणि मग?"

"मग थोड्या वेळाने ती परत विचारायची."

"अठरा तास?"

"अठरा तास. त्यानंतर नाही विचारलं. तेरा वर्षांनी गेली, तोवर मला नावाने हाक मारली नाही."

चहाचा कप गेझीनेच्या हातातच राहिला होता. तिने तो टाल्केपुढे ठेवला, खडीसाखर टाकली, आणि ती तडकल्याचा आवाज खोलीत ऐकू आला. एकहार्ट कागदाकडे बघत होता. खणातली सगळी वर्षं, बारा आवृत्त्या, बिअरघरातली टेबलं, आणि आता या पानातली एकही ओळ जागेवर नव्हती.

"पण हे असं ठेवलं तर," तो हळू आवाजात म्हणाला, "म्हणजे, त्या दोघींबद्दल वाचणाऱ्याला काय वाटेल—"

"एकहार्ट," गेझीने म्हणाली.

त्याने पेनाचं टोपण काढलं. 'दोन'वर काट मारून 'तीन' लिहिलं. मनं मोकळी केलेला सगळा परिच्छेद काढला आणि समासात, अक्षर बारीक करत, आईने सांगितलं तसं लिहायला लागला. शेळीचा दोर कुठल्या हातात होता, असं त्याने मध्येच विचारलं. डाव्या, टाल्के म्हणाली. त्याने डाव्या लिहिलं. सासू नेमकं काय म्हणायची ते विचारलं, आणि तेही जसंच्या तसं लिहिलं. टाल्के भिंगातून त्याच्या पेनाच्या टोकाकडे बघत होती. पूर्णविराम पडल्यावर तिने हात पुढे केला, पेन घेतलं, आणि खाली सही केली.